दया की हक्क? पुतणीला उशिरा दिलेलं उत्तर

गेल्या वर्षी मे महिन्यात आमच्या बौद्धवाडीत पुतण्याचा साखरपुडा होता. म्हसळा तालुक्यात मे महिना म्हणजे मुंबईकरांचा महिना. वर्षभर कुलूप असलेली घरं उघडतात, वाडीत पाय ठेवायला जागा उरत नाही. अंगणात मंडप पडला होता आणि मागच्या पडवीला बोकड बांधला होता, माझ्या आईने दीड वर्षं पाळलेला. माझी धाकटी पुतणी मुंबईत कायदा शिकते. ती पडवीत जाऊन आली आणि सगळ्यांसमोर मला म्हणाली, "काका, या बोकडाला कापू नका."

मंडपात हशा पिकला. "शिकाय गेली नि बामनीन हून आली," असं एका चुलत भावाने म्हटलं. ती त्याच्याकडे न बघता मला म्हणाली, "तुम्ही दर चौदा एप्रिलला भाषणात सांगता, आम्हाला कुणाची दया नको, आमचा हक्क हवा. मग या बोकडाला तुम्ही काय देताय? दया की हक्क?"

मी म्हटलं, "आजी त्याला पोटच्या पोरासारखं बघते. रोज डोंगरातून पाला आणून घालते. पावसात भिजू देत नाही."

"म्हणजे दया," ती म्हणाली आणि आत निघून गेली.

बोकड कापला. जेवणं झाली. मीही जेवलो, हे लपवत नाही. पण तीस वर्षं चळवळीत काढलेल्या माणसाला वीस वर्षांच्या मुलीने निरुत्तर केलं होतं आणि ते मला माहीत होतं. हा लेख म्हणजे तिला द्यायचं राहिलेलं उत्तर आहे. ते तिच्यासाठी आहे आणि त्या दिवशी हसलेल्या माझ्या माणसांसाठीही आहे.

त्या रात्री माझ्या डोक्यात जी उत्तरं आली ती आपल्यापैकी कुणाच्याही डोक्यात येतील. प्राण्यांच्या हक्कांवर बोलणारे कोण? सोसायटीत मांस शिजवणाऱ्याला भाड्याने घर न देणारेच ना? बकरी ईद आली की मोबाईलवर बोकडाच्या डोळ्यांतल्या पाण्याचे फोटो येतात. आमच्या म्हसळ्यात मुसलमान शेजार पिढ्यान्‌पिढ्यांचा आहे, म्हणून ते फोटो कुणाकडे बोट दाखवतात हे आम्हाला लगेच कळतं. तेच फोटो पाठवणारे गावच्या जत्रेत देवीपुढे कोंबडा पडतो तेव्हा गप्प असतात. आणि ११ जुलै २०१६ ला गुजरातमध्ये उनाजवळ मोटा समढियाळा गावच्या आपल्या पोरांना मेलेल्या गाईचं कातडं काढलं म्हणून उघडं करून, गाडीला बांधून मारलं, तेव्हा ते मारणारे स्वतःला प्राण्यांचे रक्षकच म्हणवत होते.

यातलं एकही उत्तर खोटं नाही. पण यातलं एकही तिच्या प्रश्नाचं उत्तर नाही. बोलणारा ढोंगी आहे एवढं सिद्ध केलं म्हणजे मुद्दा खोटा ठरत नाही. महाडला आपल्याला समतेवर प्रवचन देणारेही ढोंगी होते, म्हणून समता खोटी ठरली का?

खरं कारण मला दुसऱ्या दिवशी सापडलं. मला प्रश्नाचा राग आला नव्हता, तुलनेचा आला होता. आम्ही जनावर नाही हे सांगण्यात आमच्या तीन पिढ्या गेल्या. आमच्या तालुक्यातून माणगावमार्गे महाडला जाता येतं, त्या महाडच्या चवदार तळ्यावर गुरं पाणी पीत होती, कुत्री पीत होती. मुंबई विधिमंडळात १९२३ साली बोले ठराव झाला, महाड नगरपालिकेने १९२४ मध्ये तळं खुलं असल्याचा ठराव केला, तरी माणूस असलेल्या आमच्या माणसाला तिथे ओंजळ बुडवता येत नव्हती. २० मार्च १९२७ ला बाबासाहेबांनी ती बुडवली. त्यानंतर तळं बाटलं म्हणून ते शुद्ध करायला १०८ घागरी वापरल्या, त्यात गाईचं शेण आणि मूत्र होतं. म्हणजे जनावराच्या मूत्राने जे शुद्ध होतं ते माणसाच्या हाताने बाटतं! असा इतिहास असलेल्या माणसाला कुणी विचारलं, की तुमच्या हक्कासारखा बोकडाचा हक्क का नाही, तर त्याच्या अंगाची लाही होणारच.

पण शांत डोक्याने बघा. चवदार तळ्यावर आपली तक्रार काय होती? गुरांना पाणी का पिऊ देता, ही नव्हती. गुरांचं पाणी बंद करा असं आपण कधीच म्हटलं नाही. तक्रार होती ती गुराला पाणी देणारा आणि आम्हाला नाकारणारा हात एकच आहे, ही. तो हात ठरवतो कुणाला किती द्यायचं. म्हणजे लढाई त्या हाताशी होती. आणि इथेच दया आणि हक्क यांच्यातला फरक आहे, जो आपल्याइतका दुसऱ्या कुणाला कळू नये.

१९३२ साल आठवा. पुणे करार झाला आणि आठवड्याभरात मुंबईत अस्पृश्यता निवारणासाठी संघ स्थापन झाला. पुढे तोच हरिजन सेवक संघ. बाबासाहेब सुरुवातीला त्याच्या मंडळावर होते. नोव्हेंबरात तिसऱ्या गोलमेज परिषदेला जाताना त्यांनी बोटीवरून ठक्करबाप्पांना पत्र लिहिलं. त्याचा आशय असा, की कामाचे दोन मार्ग आहेत. एक म्हणजे अस्पृश्य माणसाला चांगलं बनवणं: दारूबंदी, तालीम, वाचनालय, शाळा. दुसरा म्हणजे त्याच्याभोवतीची समाजरचना बदलणं: विहिरीवर पाणी भरण्याचा, शाळेत बसण्याचा, रस्त्याने चालण्याचा नागरी हक्क गावोगाव बजावून घेणं, मग त्यात संघर्ष झाला तरी चालेल. बाबासाहेबांचा कौल दुसऱ्याला होता. संघाने पहिला मार्ग धरला. बाबासाहेब बाहेर पडले. पुढे संघाच्या कारभारात अस्पृश्यांना जागा द्या अशी मागणी आली तेव्हा उत्तर मिळालं, की हे सवर्णांचं प्रायश्चित्त आहे, कारभार तेच बघतील. प्रायश्चित्त त्यांचं, पैसा त्यांचा, निर्णय त्यांचा. आमच्याकडे फक्त घेण्याचं काम.

याला कल्याण म्हणतात. शिष्यवृत्ती मिळते, औषध मिळतं, दिवाळीला कपडे मिळतात. देणाऱ्याचं मन खरोखर चांगलंही असेल. पण ते किती मिळणार, कधी थांबणार, कोणत्या अटीवर मिळणार हे देणारा ठरवतो. हक्काचं तसं नाही. तो देणाऱ्याला नकोसा झाला, त्याचं नुकसान झालं, तरी त्याला बांधून ठेवतो. कलम १७ मुळे अस्पृश्यता गुन्हा झाली. ती कुणाच्या मनाला पटते का, असं संविधान विचारत नाही.

आता हीच फूटपट्टी जनावराला लावू. मुंबईत कल्याणाची परंपरा जुनी आहे. १८३२ साली इंग्रजांच्या हुकमावरून भटकी कुत्री मारायला सुरुवात झाली म्हणून शहरात दंगल झाली. त्यानंतर दोन वर्षांत, १८३४ मध्ये, सर जमशेटजी जीजीभाय यांच्या पुढाकाराने भुलेश्वरची पांजरपोळ उभी राहिली. पुढे परळला गुरांचं मोठं इस्पितळ झालं. ही कामं चांगलीच होती, कुणी नाव ठेवू नये.

देशाचा कायदा झाला १९६० साली, प्राणी क्रूरता प्रतिबंधक कायदा. त्यात जनावराला मारणं, उपाशी ठेवणं, जास्त ओझं लादणं, हाल होतील असं वाहून नेणं गुन्हा आहे. पण नीट वाचलं तर सगळा कायदा 'अनावश्यक' या एका शब्दावर उभा आहे. अनावश्यक वेदना देऊ नका. आवश्यक कोणती, हे कुणाच्या गरजेवरून ठरतं? मालकाच्या. म्हणून शिंग काढणं, खच्ची करणं, डाग देणं, वेसण घालणं ठरलेल्या पद्धतीने केलं तर ती क्रूरता नाही. खाण्यासाठी मारणं ही क्रूरता नाही. धर्माने सांगितलेल्या पद्धतीने मारणं हा गुन्हा नाही. आणि पहिल्या गुन्ह्याला दंड किती? दहा ते पन्नास रुपये. म्हसळ्याच्या बाजारात पन्नास रुपयांत काय येतं ते सांगायला नको. सायकलच्या हँडलला कोंबड्या उलट्या टांगून नेणं याच कायद्याखाली बसायला हवं. एवढ्या वर्षांत त्यासाठी कुणाला पकडलेलं मी पाहिलेलं नाही.

जगातही हाच वाद आहे. इंग्लंडमध्ये १९६५ साली ब्रॅम्बेल समितीने पाळीव गुराढोरांच्या हालांवर अहवाल दिला. त्यातून पुढे 'पाच मुक्तता' मांडल्या गेल्या: भूक-तहान, गैरसोय, दुखणं आणि भीती यांपासून मुक्तता आणि आपल्या स्वभावाप्रमाणे वागायची मोकळीक. पिंजरा मोठा करा, स्वच्छ करा, असं त्याचं सार. १९८३ साली टॉम रेगन या अमेरिकन तत्त्वज्ञाने ग्रंथ लिहून वेगळी भूमिका घेतली. ज्याला स्वतःचं जगणं आहे, जे जगणं त्याला बरं किंवा वाईट वाटतं, तो दुसऱ्याच्या उपयोगाची वस्तू नाही. म्हणून पिंजरा मोठा नको, रिकामा हवा. पहिलं कल्याण आहे, दुसरा हक्क.

महाराष्ट्रात हा फरक बघायचा तर बैलगाडा शर्यतीत बघा. आमच्या रायगडच्या किनाऱ्यावर ओल्या वाळूत गाड्या पळवायची हौस जुनी आहे. ७ मे २०१४ ला सर्वोच्च न्यायालयाने नागराजा खटल्यात जल्लिकट्टू आणि बैलगाडा शर्यत दोन्हींवर बंदी घातली. न्यायालयाचं म्हणणं होतं, की बैलाची शरीररचनाच शर्यतीसाठी नाही, आणि त्याच्या जगण्याला स्वतःचं मूल्य आहे, माणसाच्या उपयोगावरून ठरलेलं नव्हे. ही भाषा हक्काच्या दाराशी आलेली होती. मग राज्यांनी कायदे बदलले. महाराष्ट्राने २०१७ मध्ये बदलला, डिसेंबर २०२१ मध्ये शर्यतीला परवानगी मिळाली आणि १८ मे २०२३ ला सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने ते बदल वैध ठरवले. प्राण्यांना मूलभूत हक्क आहेत असं मानायला न्यायालयाला पूर्वाधार दिसला नाही. आता शर्यतीला परवानगी लागते, डॉक्टरची तपासणी लागते, चाबूक आणि टोचणीला मनाई आहे. म्हणजे २०१४ चा प्रश्न होता, बैलाला पळवावं का? २०२३ चा प्रश्न झाला, बैलाला कसं पळवावं? हक्काचा प्रश्न नऊ वर्षांत कल्याणाचा झाला. शर्यतवाल्याला विचारा, तो शपथेवर सांगेल की बैलावर मी पोराहून जास्त प्रेम करतो. खरंच करतो. पूर्वीचे खोतही आपल्या कुळांवर प्रेम करत असल्याचं सांगायचे.

इथपर्यंत दया आणि हक्क. पण आपल्या देशात तिसरीही एक गोष्ट आहे, ती या दोन्हींत बसत नाही. ती म्हणजे पावित्र्य. संविधान सभेत २४ नोव्हेंबर १९४८ ला गोरक्षणावर चर्चा झाली. सेठ गोविंद दास यांनी तिथे सांगितलं, की अस्पृश्यता गुन्हा ठरवता तसा गोवधही गुन्हा ठरवा, अशी मागणी मी आधी केली होती. त्यावर मला उत्तर मिळालं, की अस्पृश्यतेचा संबंध माणसांशी आहे, गोवधाचा जनावराशी, आणि मूलभूत हक्क माणसांसाठी आहेत. म्हणून गाय गेली मार्गदर्शक तत्त्वांत, कलम ४८ मध्ये, तीही शेती आणि पशुपालन आधुनिक करण्याच्या वाक्याला जोडून. १९७६ मध्ये मूलभूत कर्तव्यं आली, त्यात कलम ५१अ(ग) मध्ये सजीवांविषयी करुणा बाळगणं हे नागरिकाचं कर्तव्य ठरलं. आम्हाला कलम १७ मिळालं, बैलाला करुणा मिळाली. आणि गाईला मिळालं ते पावित्र्य. पावित्र्यात गाईला काय वाटतं याचा विचारच नसतो. तो तिच्याकडे बघून हात जोडणाऱ्याच्या मनाचा विचार असतो. नाहीतर प्लॅस्टिक खाऊन रस्त्यावर मरणाऱ्या गाईसाठीही तेवढेच लोक धावले असते.

हे मी पुस्तकातून सांगत नाही, आमच्या गोठ्यातून सांगतो. आमच्याकडे चांद्या नावाचा बैल होता. कपाळावर पांढरा चंद्र, म्हणून चांद्या. माझ्या वडिलांनी, अण्णांनी, त्याच्यावर बारा वर्षं भाताची शेती केली. तो थकला तोवर वाडीत पॉवर टिलर आला होता आणि राज्यात नवा कायदाही आला होता. १९७६ च्या कायद्यात गाईच्या कत्तलीला बंदी होती, पण म्हातारा बैल दाखला घेऊन विकता येत होता. ४ मार्च २०१५ पासून बैल आणि वळूलाही बंदी झाली, पाच वर्षांपर्यंत कैद. पुढच्या वर्षी मुंबई उच्च न्यायालयाने परराज्यातलं गोमांस जवळ बाळगण्यावरची बंदी रद्द केली, पण कत्तलबंदी राहिली. पूर्वी येणारा दलाल यायचा बंद झाला. ज्यांनी कायदा केला ते चांद्याचा पेंढा घेऊन आले नाहीत. अण्णांनी त्याला दोन वर्षं बसून पोसला, स्वतःच्या औषधाच्या पैशांतून. शेजारच्या गावात ज्यांना ते झेपलं नाही त्यांनी रात्रीचे बैल घाटात नेऊन सोडले. मग सांगा, बैलाला जगण्याचा हक्क मिळाला का? ज्या हक्काचा खर्च सरकार उचलत नाही, भक्त उचलत नाही, फक्त अर्ध्या एकराचा शेतकरी उचलतो, तो हक्क नव्हे. ती दुसऱ्याच्या खिशातून केलेली पुण्याई आहे.

२०१७ च्या पावसात चांद्या बांधावरून घसरला आणि उठला नाही. गुरांचं बघणाऱ्या एकाला बोलावलं, त्याने दुखणं कमी करणारं इंजेक्शन दिलं. तिसऱ्या दिवशी चांद्या गेला. त्याच्या आधी काही महिन्यांपूर्वी वरच्या आळीतली एक म्हैस मेली होती आणि आमच्या वाडीत निरोप आला होता, चार पोरं पाठवा. अण्णांनी उलटा निरोप दिला, "ज्याचं ढोर त्यानं वढावं." महाडच्या परिषदेपासून आमच्या घरात ढोर ओढणं आणि मेलेलं खाणं बंद आहे. आजोबांनी त्यासाठी गावाचा बहिष्कार सोसला होता. मला वाटलं आता चांद्याचं काय करायचं, अण्णा हात लावू देतील का? अण्णांनी स्वतः दोर घेतला. म्हणाले, "आपलं ढोर आपुन वढायचं, त्यात कसली लाज? लाज जातीनं वढण्यात व्हती." ऐंशीच्या घरातला माणूस आमच्या बरोबरीने दोराला लागला.

कुणीतरी म्हणालं, चिरगावला द्या, गिधाडांना होईल. चिरगाव आमच्याच तालुक्यात. तिथल्या उंच झाडांवर पांढऱ्या पाठीच्या गिधाडांची घरटी आहेत. महाडच्या सिस्केप संस्थेचे प्रेमसागर मेस्त्री आणि त्यांचे सहकारी गावकऱ्यांना बरोबर घेऊन तिथे बरीच वर्षं काम करतात. मेलेली गुरं गिधाडांना खाद्य म्हणून पोचवतात. ही गिधाडं देशात नव्वदच्या दशकापासून अशी संपली, की हजारातलं एखादं उरलं. कारण कळलं २००४ च्या सुमारास: डायक्लोफिनॅक, गुरांचं वेदनाशामक. औषध घेतलेलं जनावर मेलं आणि गिधाडाने खाल्लं, की त्याचे मूत्रपिंड निकामी होतात. २००६ मध्ये गुरांसाठी ते बंद झालं. पण माणसांसाठीच्या मोठ्या बाटल्या गुरांना वापरल्या जात राहिल्या, म्हणून २०१५ मध्ये त्यांचा आकारही कमी करावा लागला. चांद्याला टोचलेल्या औषधाचं नाव कुठल्याच कागदावर नव्हतं. आम्ही त्याला पुरला.

यावर मी खूप विचार केला आहे. बैलाचं दुखणं कमी व्हावं, या चांगल्या हेतूने दिलेल्या औषधाने आकाशातले पक्षी संपले. कल्याणाच्या हिशेबात मालकाचं जनावर धरलं होतं. गिधाडाला मालक नव्हता, म्हणून ते हिशेबात नव्हतं. त्याचं मरण दिसायला दहा-पंधरा वर्षं गेली. कल्याणात ही खोट कायमची आहे. जो कुणाच्या तरी मालकीचा किंवा कुणाच्या तरी लाडका, त्याच्यापर्यंतच ते पोचतं. आमच्या वाडीला हे नव्याने शिकवायला नको. गावच्या धर्मादायाच्या यादीत आमचं नाव कधीच नव्हतं.

पुतणीला मी मे महिन्यात चिरगावला घेऊन गेलो होतो, साखरपुड्यानंतर चार दिवसांनी. २०२० च्या ३ जूनला निसर्ग चक्रीवादळाने या पट्ट्यातली झाडं आडवी केली, तरी गिधाडं टिकून आहेत. आम्ही खाली उभे राहून वर बघत होतो. तिथे मी तिला विचारलं, "तुझं म्हणणं काय? सगळ्यांनी मांस सोडावं?" ती म्हणाली, "मला नियम नको आहे काका. मला तुमचं तत्त्व काय ते ऐकायचंय."

नियम आणि तत्त्व. हा फरक बाबासाहेबांनी 'बुद्ध आणि त्याचा धम्म' या ग्रंथात अहिंसेबद्दल केलेला आहे आणि तो तिने वाचला होता. तथागतांनी अहिंसेचा नियम केला नाही, तत्त्व दिलं. नियम माणसाला आंधळेपणाने बांधतो, तत्त्व विचार करायला लावतो. मारण्याची गरज आणि मारण्याची इच्छा, यात बाबासाहेब भेद करतात. गरजेपोटीची हत्या वेगळी, इच्छेपोटीची वेगळी. यज्ञातली हत्या बुद्धाने धिक्कारली, कारण तिथे गरज नव्हती. भिक्षापात्रात पडलेलं मांस नाकारलं नाही. म्हणून शाकाहार म्हणजे धम्म असं सांगणाऱ्याला बाबासाहेबांत आधार नाही. पण चवीसाठी, मानपानासाठी, मंडपात मोठेपणा दिसावा म्हणून कापणाऱ्यालाही आधार नाही. हा दुसरा अर्धा भाग आपण सोयीने विसरलो.

कुणी म्हणेल, १४ ऑक्टोबर १९५६ ला घेतलेल्या बावीस प्रतिज्ञांत प्राणिमात्रांवर दया करण्याचीच प्रतिज्ञा आहे, हक्काची नाही. खरं आहे. पण त्या प्रतिज्ञेचं पुढचं अंग पालनाचं आहे आणि प्रतिज्ञा मी घेतलेली आहे. मनात आलं तर करीन अशी ती दया नाही. तिने माझे हात बांधलेले आहेत. बोकड बोलू शकत नाही, मोर्चा काढू शकत नाही, न्यायालयात उभा राहू शकत नाही. आपली चळवळ आपण चालवली. त्याची चळवळ नेहमी दुसराच चालवणार. म्हणून त्याच्या नावाने बोलणारा कधीही नवा हरिजन सेवक संघ होऊ शकतो. यावर मला एकच उपाय दिसतो: जो प्राण्याचा हक्क सांगतो त्याने त्याची किंमत आधी स्वतः मोजावी, दुसऱ्याच्या ताटातून नव्हे.

या कसोटीवर माझी भूमिका सांगतो. खाडीत खेकडे धरणारा कातकरी, मासेमारी करणारा कोळी, स्वस्त मांसावर पोराबाळांचं पोषण करणारं घर, यांच्याकडे गरज आहे. त्यांच्याकडे बोट दाखवणाऱ्याचा हात आपण अडवलाच पाहिजे. सहा आठवड्यांत वाढवून कापल्या जाणाऱ्या ब्रॉयलर कोंबड्यांच्या शेडमागे, शर्यतीमागे, हजार पानांच्या मटणाच्या पंगतीमागे इच्छा आहे. सुरुवात तिथून व्हावी. १९६० च्या कायद्यातला पन्नास रुपयांचा दंड बदलावा. म्हाताऱ्या बैलाची विक्री बंद करायची असेल तर सरकारने त्याला शेतकऱ्याकडून भावाने विकत घ्यावं, नाहीतर २०१५ चा बदल मागे घ्यावा. मेलेलं जनावर उचलणं हे ग्रामपंचायतीचं पगारी, यंत्राने करायचं काम व्हावं, कुठल्याही जातीचं नव्हे, आणि औषधाची खात्री असेल तर ते चिरगावसारख्या ठिकाणी पोचावं. आणि प्राण्याच्या नावाने माणसावर हात उचलणाऱ्याला प्राणिरक्षक म्हणणं आपण सगळ्यांनी थांबवावं, वर्तमानपत्रांनीसुद्धा.

हे सगळं मान्य केलं तरी बोकडाला पूर्ण हक्क मिळत नाही, हे मला दिसतं. गरज कोणाची आणि किती, हे शेवटी सुरी धरणाराच ठरवतो. पुतणीने फोनवर मला तेच ऐकवलं. यापुढचं उत्तर माझ्याकडे नाही, तिच्या पिढीने शोधावं. मात्र "बामनीन" म्हणून तिला गप्प करणं हे उत्तर नव्हे. बाई शिकली आणि प्रश्न विचारू लागली की तिला बामनीन म्हणायचं, हे आपल्या तोंडी शोभत नाही.

येत्या डिसेंबरात पुतण्याचं लग्न आहे, त्याच अंगणात. मी घरात सांगून टाकलं, की बोकड पडणार नाही, भात, डाळ, वालाचं बिरडं आणि गोड होईल. दोन भाऊ माझ्याशी बोलत नाहीत. आई म्हणाली, "माझा एक बोकड मी तुझ्या मोठेपनासाठी दिला, आता दुसरा मागू नको म्हंजे झालं." मला वाटत होतं तिने तो आनंदाने दिला होता. दीड वर्षं पाला घालणाऱ्या माझ्या आईलाही त्या दिवशी कुणी विचारलं नव्हतं.

जय भीम!